गेमच्या मध्ये कडमडणारा अँटिव्हायरस असा गप्प केला

पावसाळ्यात आमच्या देवगडात दुपारी लाईट गेली की ती कधी येईल याचा भरवसा नाही. अँटिव्हायरसचं रोजचं स्कॅन नेमकं दुपारचं, तेव्हा पीसी बंद. संध्याकाळी लाईट आल्यावर गेम लावला, की राहिलेलं स्कॅन लगेच सुरू! हार्ड डिस्क जुनी. कशेडी घाटात ट्रकमागे अडकलेल्या एसटीसारखा गेम रखडायचा.

शेड्यूलमध्ये ‘राहिलेलं स्कॅन पीसी सुरू होताच करा’ अशी खूण होती, ती काढली. स्कॅन आता रविवारी सकाळी, मी बाजारात असतो तेव्हा.

मध्येच उगवणाऱ्या सूचना (पॉप-अप) थांबवायला अँटिव्हायरसचा गेम मोड चालू केला. पण माझ्या अँटिव्हायरसचा हा मोड गेम फुलस्क्रीन असेल तरच जागा होतो. बॉर्डरलेस विंडोत (पडदाभर दिसणाऱ्या, पण खऱ्या फुलस्क्रीन नसलेल्या खिडकीत) खेळायचं तर गेमची एक्झी फाइल, म्हणजे गेम सुरू करणारी फाइल, गेम मोडच्या यादीत हाताने घालावी लागली. विंडोजच्या सूचना वेगळ्या. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, सिस्टीम, नोटिफिकेशन्स इथे गेम खेळताना ‘डू नॉट डिस्टर्ब’ आपोआप लागण्याची सोय आहे.

गेमचा अख्खा फोल्डर स्कॅनमधून वगळा, असं मित्र सांगतात. मी वगळला नाही. आमच्याकडे मॉड्स (गेममध्ये बदल करणाऱ्या, इतरांनी बनवलेल्या फाइली) कोणाकोणाच्या पेनड्राइव्हवरून फिरत येतात, म्हणून रिअल-टाइम संरक्षणही (फाइल उघडताक्षणी होणारी तपासणी) चालूच ठेवलंय.