तहांवर लिहिताय? मग या चुका टाळा

बेळगावात गेली 22 वर्षं मी इतिहास शिकवतो. कुणी स्पर्धापरीक्षेला बसणारं, कुणी वक्तृत्वाला जाणारं, कुणी निपाणीहून, कुणी खानापूरहून सकाळची बस पकडून येणारं. युद्ध कसं संपलं या प्रश्नाची उत्तरं दरवर्षी तपासतो आणि दरवर्षी त्याच ओळी लाल शाईनं खोडतो. आता लिहूनच टाकतो.

शस्त्रसंधीलाच तह म्हणणं

"11 नोव्हेंबर 1918 रोजी तह होऊन महायुद्ध संपले." दहातल्या आठ वह्यांत हे वाक्य असतं. त्या दिवशी तह झाला नाही. फ्रान्समधल्या काँपियेनच्या जंगलात, रेल्वेच्या डब्यात, पहाटे सही झाली ती शस्त्रसंधीवर, म्हणजे लढाई तात्पुरती थांबवायच्या करारावर. सकाळी 11 ला तोफा थांबल्या. मुदत होती 36 दिवसांची, ती नंतर वाढवत नेली. जर्मनीची नाकेबंदी 1919 च्या जुलैपर्यंत उठली नव्हती. जर्मनीशी झालेल्या व्हर्सायच्या तहावर सह्या झाल्या 28 जून 1919 ला आणि तो लागू झाला 10 जानेवारी 1920 ला.

खानापूर तालुक्यातल्या एका गावात चावडीच्या भिंतीत एक दगड आहे. या गावातून महायुद्धाला किती माणसं गेली आणि किती परत आली नाहीत, ते त्यावर कोरलंय. सालं आहेत 1914-1919. एका जत्रेआधी गावातल्या पोरांनी चावडी रंगवली, दगडावरची अक्षरं काळ्या ऑइल पेंटनं गिरवली आणि शेवटच्या 9 चा 8 केला. मोबाइलवर 1918 दिसलं, म्हणजे दगडच चुकला! माझ्या वर्गातल्या मुलीनं त्याच दगडाचा फोटो भाषणासाठी आणला. तिचे खापरपणजोबा त्या आकड्यातले एक. असे दगड मी इतर गावांतही पाहिलेत, तिथं 1919 च असतं. फोटो बघून मला राहवेना. रविवारी थिनर आणि जुनं धोतर फाडून केलेली फडकी घेऊन गेलो. तासभर घासल्यावर रंग सुटला. 9 च्या खालचा भाग पोरांनी रंगानं गोल मिटवला होता, पण दगडातली खाच उघडीच होती. बोट फिरवलं की कळत होतं. ज्यानं ब्रश धरला होता तोच पोरगा पुसायला बसला होता. त्यानं विचारलं, "सर, तोफा बंद झाल्यावर ही माणसं तिथं काय करत होती?"

हा प्रश्न पडला की अर्धा विषय समजला. तुर्कस्तानशी शस्त्रसंधी झाली 30 ऑक्टोबर 1918 ला, मुद्रोसच्या बंदरात, इंग्रजांच्या युद्धनौकेवर. तेव्हा मेसोपोटेमियातलं, म्हणजे आजच्या इराकमधलं, मोसूल तुर्कांच्याच ताब्यात होतं. शस्त्रसंधीतल्या कलमांवर बोट ठेवून इंग्रजांनी ते नोव्हेंबरात घेतलं, म्हणजे लढाई थांबल्यानंतर. वाटाघाटीला बसताना जमीन ज्याच्या पायाखाली, त्याचं म्हणणं जड. म्हणून फौजा लगेच घरी सोडत नाहीत. मेसोपोटेमियात आपल्या मराठा पलटणी लढल्या होत्या. 29 एप्रिल 1916 ला तिथल्या कूत गावात तुर्कांना शरण जावं लागलेल्या फौजेतही त्या होत्या. पुढं तुर्कस्तानशी झालेला 1920 चा सेव्ह्रचा तह अंकाराच्या नव्या तुर्की सरकारनं झुगारला, 1923 ला लोझानचा तह झाला, त्यातही मोसूल लटकलंच, आणि त्याचा निकाल लागला 1926 ला.

मी मुलांना वहीत चार रकाने आखायला लावतो: तोफा कधी थांबल्या, सही कधी झाली, मंजुरी कधी मिळाली, अंमल कधी सुरू झाला. चारही भरल्याशिवाय उत्तर लिहायला घेऊ देत नाही. "सर, एकच तारीख सांगा ना" म्हणणारा दरवर्षी असतो. एकच तारीख पाठ करायची तर अर्ध्या मिनिटाची रील पुरे, वर्गात कशाला यायचं?

सही म्हणजे शेवट, असं धरून चालणं

हे तर मराठी माणसानं लिहूच नये, आपल्याच इतिहासात उदाहरणं पडलीत. जानेवारी 1779 मध्ये वडगावला कोंडीत सापडलेल्या इंग्रजांनी करार करून जीव सोडवला. घेतलेला मुलूख परत देऊ असं त्यात कबूल केलं. कंपनीच्या मुंबई सरकारनं आणि गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जनं तो मानला नाही. सही करणाऱ्यांना तेवढा अधिकारच नव्हता म्हणाले. लढाई पुन्हा सुरू. म्हणून सही कुणाची हे बघायच्या आधी त्याला अधिकार कुणी दिला होता ते बघा.

याच युद्धाचा, म्हणजे पहिल्या इंग्रज-मराठा युद्धाचा, शेवट सालबाईच्या तहानं झाला. महादजी शिंद्यांनी मध्यस्थी केली, 17 मे 1782 ला तह ठरला. हेस्टिंग्जची मान्यता जूनमध्ये आली. नाना फडणवीस मात्र थांबले. हैदरअली इंग्रजांशी लढत होता, तोवर मान्यता हातात राखून ठेवण्यात फायदा होता. डिसेंबरात हैदर वारला आणि फेब्रुवारी 1783 मध्ये नानांची मान्यता झाली. हे नऊ महिने पुस्तकात एका ओळीत उरकतात. मी त्यावर अख्खा तास घेतो, कारण वाटाघाट म्हणजे काय ते त्या नऊ महिन्यांत दिसतं.

व्हर्सायचंही तेच. अमेरिकेचे अध्यक्ष विल्सन स्वतः पॅरिसला जाऊन बसले, सही केली, आणि त्यांच्याच सिनेटनं तह नामंजूर केला. अमेरिकेनं जर्मनीशी वेगळा तह केला 1921 ला.

बोलणी सुरू झाली की लढाई थांबते, हा समज

कोरियात बोलणी सुरू झाली जुलै 1951 ला, शस्त्रसंधी झाली 27 जुलै 1953 ला. दोन वर्षं एकीकडं तंबूत बैठका आणि दुसरीकडं टेकड्यांवर मारामारी. घोडं अडलं होतं कैद्यांपाशी: ज्याला परत जायचं नाही त्याला जबरदस्तीनं पाठवायचं का? शेवटी असे 22 हजारांवर कैदी तटस्थ देशांच्या आयोगाकडं आले. आयोगाचे अध्यक्ष जनरल थिमय्या, आणि त्या कैद्यांची राखण करणाऱ्या भारतीय फौजेचे प्रमुख कोल्हापूरकडचे मेजर जनरल थोरात. आपल्या शेजारचा माणूस, पण आमच्या मुलांच्या उत्तरात त्यांचं नाव मी अजून वाचलेलं नाही. कोरियाचा चौथा रकाना सोडा, तहाच्या सहीचाच रकाना आजही रिकामा आहे.

एकाच भाषेतला मसुदा वाचणं

घरातलं जुनं मोडी खरेदीखत आणि कन्नडमधला उतारा यांतल्या एका शब्दावरून भाऊबंदकी पेटलेली सीमाभागात कुणी पाहिली नाही? इटली आणि इथिओपियाचा 1889 चा वुचालेचा तह तसाच. कलम 17 इटालियनमध्ये म्हणत होतं, परराष्ट्र व्यवहार इटलीमार्फतच करायचे. अम्हारिकमध्ये होतं, हवं तर करता येतील. इथिओपियाचा सम्राट मेनेलिकनं तह मोडला, आणि 1896 ला अडवाच्या लढाईत इटली हरली.

बाकीच्या भराभर सांगतो. पुरंदरचे तह दोन, 1665 चा मिर्झाराजांशी आणि 1776 चा इंग्रजांशी. साल घातल्याशिवाय नुसतं "पुरंदरचा तह" लिहू नका. जर्मनीनं द्यायच्या युद्धभरपाईचा 132 अब्ज मार्कांचा आकडा व्हर्सायच्या तहात नाही, तो 1921 ला ठरला. दुसऱ्या महायुद्धानंतर जर्मनीशी लगेच सर्वंकष तह झाला नाही, अखेरचा निवाडा सप्टेंबर 1990 च्या करारानं झाला. सॅन फ्रान्सिस्कोला जपानशी झालेल्या तहात भारत नव्हता. आपण 1952 ला वेगळा केला.

आणि तहनामा हातात आला तर शेवटचं पान आधी उघडा. व्हर्सायची 440 कलमं आहेत. 440 व्या कलमात लिहिलंय की जर्मनी आणि बड्या राष्ट्रांपैकी तिघांची मान्यतापत्रं पॅरिसला जमा झाल्याची नोंद होईल, त्या दिवसापासून तह लागू. 10 जानेवारी 1920 ही तारीख तिथून आली.