ओहायोचं तिकीट विकू नका

मिशिगन विद्यापीठात मास्टर्सला निघालात की सीनियर मंडळी सगळं सांगतात. बँक खातं कधी काढायचं, सिम कुठलं घ्यायचं, भारतातून कुकर आणायचा की नाही. विद्यापीठाच्या संघाच्या अमेरिकन फुटबॉलबद्दल मात्र "वेळ मिळाला तर एखादी मॅच बघ" एवढंच. २०२३ च्या ऑगस्टमध्ये मी विद्यापीठाच्या गावी, अ‍ॅन आर्बरला उतरले ती तेवढ्याच माहितीवर.

वर्ग सुरू होऊन आठवडाही झाला नव्हता. २ सप्टेंबरला, शनिवारी सकाळी, मी डाळ-तांदूळ आणायला बसने निघाले. अनंत चतुर्दशीला लक्ष्मी रोडवर स्कूटर घालावी तसं झालं. रस्ते बंद, बस भलतीकडून वळवलेली, आणि पिवळ्या-निळ्या टीशर्टांचा लोंढा एकाच दिशेने चाललेला. स्टेडियमजवळचे लोक आपल्या अंगणात गाड्या लावू देऊन पैसे घेत होते. समोरच्या गोल्फच्या मैदानावर डिक्या उघडून शेगड्या पेटल्या होत्या. मॅच बाराची, पण खाणंपिणं सकाळपासून सुरू. याला टेलगेट म्हणतात. ओळखपाळख नसताना कुणी बर्गर पुढे केला तर संकोचू नका; बीफ खात नसाल तर मात्र आधी विचारा.

शहराची लोकसंख्या सव्वा लाखाच्या आसपास आणि स्टेडियमची अधिकृत क्षमता १,०७,६०१. हे गणित लक्षात घेतलंत की शनिवारी बस का वळते ते कळेल. १९२७ सालचं हे स्टेडियम बरंचसं जमिनीत खणलेलं आहे. बाहेरून बघून "हेच का ते?" असं वाटतं, आणि आत शिरताच पायाखाली दरी उघडते.

त्या सत्रात घरच्या मैदानावर सात मॅचेस होत्या. वेळापत्रक हातात आलं की आधी असे शनिवार कॅलेंडरवर टाका, मग अभ्यासाचं बघा. ग्रुप प्रोजेक्टची मीटिंग शनिवारी दुपारी ठेवलीत तर तुम्ही आणि दुसरा एखादा नवखाच हजर असाल. पण स्टेडियममध्ये जायचं नसेल तर याच दुपारी नॉर्थ कॅम्पसवरची ड्युडरस्टॅट लायब्ररी (तिला सगळे 'द ड्यूड' म्हणतात) हवी तेवढी मोकळी मिळते. माझ्या दोन अवघड असाइनमेंट तिथेच झाल्या.

जाणार असाल तर सॅक घरी ठेवा, आत नेता येत नाही. तिकीट फोनवर असतं आणि लाखभर लोकांत नेटवर्क दगा देतं, म्हणून ते घरूनच फोनमध्ये उतरवून घ्या. विद्यार्थ्यांच्या भागात कुणी बसत नाही. साडेतीन तास उभं राहायचं, त्या हिशोबाने बूट घाला. ऑक्टोबर सरत आला की दोन जोड मोजेही.

खेळ कळायला मला महिना लागला. कळला तो जवळच्या नोव्हाय गावी राहणाऱ्या एका मराठी काकांमुळे, तेही गणपतीच्या जेवणात. मी शाळेत कबड्डी खेळायचे हे ऐकून ते म्हणाले, "अगं मग ही कबड्डीच आहे. चेंडू घेऊन चढाई, एवढाच फरक."

"पण चढाई करून परत यायचं कुठे?"

"परत यायचं नाही. जिथे पाडला तिथून पुढची चढाई. चार चढायांत दहा यार्ड गेलात की नव्या चार मिळतात. नाही गेलात तर चेंडू समोरच्याचा."

बाकी तपशील, म्हणजे टचडाउनचे (चेंडू समोरच्या टोकापार नेण्याचे) सहा गुण, त्यानंतरच्या जादा किकचा एक, फील्ड गोलचे (किक खांबांमधून गेली की) तीन, हे आपोआप डोक्यात बसतं. त्या एका वाक्यानंतर मला मॅच दिसायला लागली. दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये काही बोलताही यायला लागलं. यात नोकरीबिकरी मिळत नाही, कुणी तसं सांगितलं तर हसून सोडून द्या. पण सोमवारची मीटिंग पाच मिनिटं शनिवारच्या मॅचवर असते, आणि त्या पाच मिनिटांत गप्प बसणारा माणूस पुढची पंचावन्नही गप्पच बसतो. माझं सप्टेंबरभर तेच झालं होतं.

आता चुकीकडे येते. मी विद्यार्थ्यांसाठीचा सीझनचा तिकीटसंच घेतला होता. सप्टेंबरअखेर भाडं भरताना रुपयांत गुणाकार केला आणि पोटात गोळा आला. वर्गातला एकजण ओहायो स्टेट या कट्टर प्रतिस्पर्धी विद्यापीठाविरुद्धच्या मॅचच्या तिकिटाला चांगले पैसे देत होता. सातांतलं एकच तर तिकीट, म्हणून दिलं. त्या पैशांत सगळ्या संचाची किंमत जवळजवळ वसूल झाली. मी स्वतःला हुशार समजत होते.

टीम मात्र हरायचं नावच घेईना. नोव्हेंबरात आमचे प्रशिक्षक जिम हारबॉ यांच्यावर उरलेल्या तीन साखळी सामन्यांची बंदी आली. प्रतिस्पर्धी संघ मैदानाबाहेरून खेळाडूंना करतात त्या इशाऱ्यांच्या खुणा चोरल्याच्या आरोपाचं ते प्रकरण होतं, त्यावर कॅम्पसात रोज भांडणं. त्याच आठवड्यात पेन स्टेट विद्यापीठाला त्यांच्या घरी २४-१५ हरवलं. उत्तरार्धात पासची, म्हणजे चेंडू पुढे फेकल्याची, नोंदच नाही, नुसतं पळत राहिले. ज्यांना हा खेळ कंटाळवाणा वाटतो त्यांना ही मॅच दाखवू नका. मला फार आवडली.

२५ नोव्हेंबर, थँक्सगिव्हिंगनंतरचा शनिवार. दोन्ही संघ ११-०. रूममेट गावी गेलेल्या, म्हणून काकांनी घरी बोलावलं. टीव्हीसमोर मिसळ. तिसऱ्या क्वार्टरमध्ये १७-१७ असताना आमच्या झॅक झिंटरचा पाय मोडला आणि एक लाख दहा हजारांवर माणसं गप्प झाली. ती शांतता टीव्हीतूनही ऐकू येत होती. लगेच पुढच्या चढाईत आमचा ब्लेक कोरम बावीस यार्ड पळाला, टचडाउन, आणि त्याने बोटांनी झिंटरचा नंबर, ६५, दाखवला. काकूंनी डोळ्याला पदर लावला. त्यांना खेळातलं ओ की ठो कळत नाही. शेवटचं अर्धं मिनिटही उरलं नव्हतं तेव्हा आमच्या रॉड मूरने ओहायोचा पास अडवला. ३०-२४. पाचच मिनिटांत माझ्या फोनवर फोटो आला: ज्याला तिकीट विकलं तो मैदानातल्या हिरवळीवर उभा, मागे सगळं कॅम्पस.

पुढे रोझ बोल या उपांत्य सामन्यात अलाबामाला जादा वेळेत २७-२० आणि ८ जानेवारीला ह्यूस्टनमध्ये अंतिम सामन्यात वॉशिंग्टनला ३४-१३ हरवलं. पंधरापैकी पंधरा, १९९७ नंतरचं पहिलं राष्ट्रीय विजेतेपद. त्या रात्री थंडीत आम्हीही साउथ युनिव्हर्सिटी रस्त्यावर ओरडत होतो.

मनात म्हटलं, पुढच्या वर्षी एकही तिकीट विकायचं नाही. आणि तेव्हा कुणीतरी सांगितलं, जे मला ऑगस्टमध्येच कळायला हवं होतं: ओहायो स्टेटची मॅच अ‍ॅन आर्बरला विषम सालीच होते. सम साली ती कोलंबसला, त्यांच्या घरी. म्हणजे दोन वर्षांच्या मास्टर्समध्ये ती घरच्या मैदानावर एकदाच मिळते. विषम साली आलात तर नेमकी पहिल्या सत्रात, जेव्हा खिसा रिकामा असतो आणि खेळातलं काही कळत नसतं.

२०२४ मध्ये मी खरंच एकही तिकीट विकलं नाही. ७ सप्टेंबरला टेक्सासने आम्हाला घरच्या मैदानावर ३१-१२ हरवलं. मी शेवटपर्यंत उभी होते, चांगल्या बुटांत.