क्लाउड शिकायचंय? कोर्स ठेव बाजूला, आधी एक सर्व्हर उठव

आमच्या बेळगावात इंजिनिअरिंगच्या पोरांना काय करूलालास विचारलं की क्लाउडचा (दुसऱ्याचे कॉम्प्युटर नेटवरून भाड्यानं वापरायचा) कोर्स म्हणतात, म्हणजे नुसते व्हिडिओ. त्यापेक्षा गल्लीतलं एखादं दुकान पकड, कुंद्याचं असलं तर बेस्टच, त्याचं रेटकार्ड मराठी आणि कन्नड दोन्हीत एका पानावर लिही आणि नेटवर चढव. पानाच्या कोडात चारसेट (अक्षरं साठवायची पद्धत) यूटीएफ-८ टाक तेवढं, नाहीतर दोन्ही भाषांचा चिवडा होतो.

एडब्ल्यूएसचं, म्हणजे ॲमेझॉनच्या क्लाउडचं, अकाउंट काढ, फ्री प्लॅनच घे. जुने व्हिडिओ १२ महिने फुकट सांगतात ते सोड, जुलै २०२५ च्या मध्यापासून नवीन अकाउंटला १०० डॉलर क्रेडिट मिळतं, छोटी कामं केली की अजून १०० पर्यंत, आणि ६ महिने झाले किंवा क्रेडिट संपलं की खेळ खलास. बजेट (खर्च वाढला की इशारा) लावणं हे त्या कामांतलंच एक, म्हणजे सावध राहायचेच पैसे देतात की! रूट, म्हणजे मालकाच्या लॉगिनला एमएफए (पासवर्डशिवाय दुसरी खात्री) लाव, रोजच्या कामाला वेगळा युजर.

मग मुंबई रीजन, ईसीटू (भाड्याचा सर्व्हर), त्यावर उबंटू (लिनक्स), फ्री टियर लिहिलेलाच साइज. की फाईल (सर्व्हरची किल्ली) जपून ठेव, परत डाउनलोड होत नाही. एसएसएचने (लांबून कमांड द्यायची वाट) आत जा, एनजिनएक्स (पान दाखवणारं सॉफ्टवेअर) टाक, पान ठेव.

बहुतेक उघडणारच नाही, आणि शिकायचं ते इथंच. ब्राउझर फिरत फिरत टाइमआउट म्हणाला तर सिक्युरिटी ग्रुपमध्ये (सर्व्हरचा फायरवॉल) ८० पोर्ट, म्हणजे वेबपानाचं दार, बंद असणार, लगेच रिफ्यूज्ड आलं तर वाट मोकळी आहे पण एनजिनएक्स झोपलंय, ४०३ आलं तर फाईलच्या परमिशन बघ. पत्त्यात एचटीटीपीएस टाकलं असशील तरी अडकणार, सर्टिफिकेट कुठाय अजून. २२ पोर्ट (एसएसएचचा) फक्त स्वतःच्या आयपीला (नेटवरचा पत्ता) उघडा ठेवायचा, पण लाईट गेली, वायफाय बंद, मोबाईलचा हॉटस्पॉट लावलास की आयपी बदलला आणि तूच बाहेर! खानापूरकडच्या पोरांना हा धडा फुकटात मिळतो.

जमलं की सगळं पुसून व्हिडिओ न बघता परत कर. मग तेच पान एस-थ्रीवर (एडब्ल्यूएसची फाईल ठेवायची जागा) ठेवून बघ, सर्व्हरच लागत नाही.

आणि काम झालं की स्टॉप नको, टर्मिनेट कर, स्टॉप केलं तरी डिस्कचा मीटर चालूच असतो. इलास्टिक आयपी (न बदलणारा पत्ता) घेतला असशील तर तोपण सोड, वापर नसला तरी ताशी ०.००५ डॉलर खातो.