धाप लागते, एक्सरे साफ आहे. मग पुढे काय करायचं?

इंदूरला रामबागेत आमच्या जुन्या घराचा जिना अरुंद आणि अगदी उभा आहे. वहिनी तो दिवसातून वीसदा चढायच्या. पाय मोडला, दीड महिना प्लास्टर होतं, ते निघालं, आणि पुढे काही महिन्यांनी त्या सातव्या पायरीवर थांबायला लागल्या. एका हाताने कठडा धरायचा, दुसऱ्याने पदर तोंडाशी. एक्सरे काढला तर साफ. छातीत घरघर नव्हती, तरी दम्याचा पंप हातात आला आणि अकरा महिने तोच चालला. मी तेव्हा न्यूक्लिअर मेडिसिन विभागात तंत्रज्ञ होते. फुफ्फुसांचे स्कॅन करणं हे माझं रोजचं काम, आणि माझ्याच घरातल्या बाईला ते करायला हवं हे मला अकरा महिन्यांनी सुचलं. ती खंत अजून आहे. म्हणूनच हे सगळं, रुग्णाच्या नातेवाइकांना हाताशी धरून सांगावं तसं लिहिते आहे.

आधी एक गोष्ट पक्की समजून घ्या. फुफ्फुसाला दोन बाजू असतात, हवेची आणि रक्ताची. हृदयाचा उजवा भाग शरीरातलं सगळं रक्त फुफ्फुसात ढकलतो, स्वस्थ बसलेल्या माणसात मिनिटाला साधारण 5 लिटर. एक्सरे, स्टेथोस्कोप, फुंकर मारायची चाचणी हे सगळं मुख्यतः हवेच्या बाजूचं सांगतं. रक्ताच्या वाटेत गुठळी अडकली असेल तर हवा छान आत येते-जाते आणि माणूस तरीही धापा टाकतो. म्हणून 'एक्सरे साफ आहे' हे ऐकल्यावर हायसं वाटून घरी येऊ नका. 'मग धाप कशाने लागते, रक्तपुरवठा तपासायचा का?' हे विचारा. विचारण्यात काही गैर नाही.

धाप अचानक लागली असेल तर मात्र प्रश्नोत्तरांत वेळ घालवू नका. श्वास आत घेताना छातीत कळ, थुंकीतून रक्त, डोळ्यांपुढे अंधारी येऊन पडणं, किंवा एकच पोटरी सुजून दुखणं, यातलं काही धापेसोबत असेल तर 108 ला फोन करा. माणसाला जिना चालत उतरवू नका, खुर्चीत बसवून उतरवा. आणि पोटरीला तेल लावून चोळू नका. आपल्याकडे पाय सुजला की पहिला हात तेलाच्या वाटीकडे जातो. पण पायाच्या शिरेतली गुठळी सुटून वर जाते ती थेट फुफ्फुसात.

डॉक्टरांकडे जाताना एका कागदावर लिहून न्या: गेल्या चार आठवड्यांत शस्त्रक्रिया झाली का, तीन दिवसांहून जास्त अंथरुणाला खिळून होता का, प्लास्टर होतं का, लांबचा प्रवास झाला का, बाळंतपण, गर्भनिरोधक गोळ्या, कॅन्सर, आधी कधी गुठळी, घरात कुणाला गुठळी. रुडॉल्फ विर्शो या जर्मन डॉक्टरांनी एकोणिसाव्या शतकातच दाखवलं होतं की पायात जमलेली गुठळी वाहत फुफ्फुसात पोचते. रक्त साचून राहणं, शिरेला इजा होणं आणि रक्त घट्ट होण्याची प्रवृत्ती, ही तीन कारणं आजही तीच आहेत. डॉक्टर या माहितीवर आणि नाडीवर गुण मोजतात आणि त्यावरून पुढची तपासणी ठरते. वहिनींच्या प्लास्टरचा उल्लेख त्यांच्या कुठल्याच चिठ्ठीवर नव्हता, कारण कुणी विचारलं नाही आणि आम्ही सांगितलं नाही.

शक्यता कमी वाटली तर डी-डायमर ही रक्ताची तपासणी होते. ती नकारात्मक आली की गुठळी बहुधा नाही. पण ती वाढलेली आली म्हणून घाबरू नका. शस्त्रक्रिया, ताप, जंतुसंसर्ग, गरोदरपण, नुसतं वय, कशानेही ती वाढते. पन्नाशीपुढे तर वयाला दहाने गुणून मर्यादा धरायची पद्धत आहे, म्हणजे सत्तरीच्या माणसाला 500 ऐवजी 700. शक्यता मुळातच जास्त असेल तर डी-डायमरमध्ये वेळ न घालवता थेट स्कॅनकडे जातात. पायांचा डॉपलर, म्हणजे शिरांची सोनोग्राफी, सोपा असतो. प्रोबने शीर दाबतात. मोकळी शीर चपटी होऊन मिटते, गुठळी भरलेली तशीच टम्म राहते. पडद्यावर तुम्हालाही दिसेल.

तातडीच्या वेळी बहुतेक ठिकाणी सीटी अँजिओग्राफी, म्हणजे रक्तवाहिन्यांचा सीटी स्कॅन, करतात. रक्तवाहिन्या उठून दिसाव्यात म्हणून शिरेतून डाय नावाचं औषध सोडतात आणि काही सेकंदांत चित्रं निघतात. जाताना क्रिएटिनिनचा, म्हणजे किडनीच्या रक्ततपासणीचा, ताजा रिपोर्ट न्या. मधुमेहाची मेटफॉर्मिन चालू असेल, थायरॉइडचा त्रास असेल, किंवा आधी डायने अंगावर पित्त उठलं असेल, तर ते आधीच सांगा. सुई कोपराच्या खोबणीत जाडच लागते, कारण डाय जोरात जातो. अंगभर गरम लाट येते, लघवी झाल्यासारखं वाटतं, झालेली नसते. एवढं आधी सांगितलं की माणूस हलत नाही आणि चित्र चांगलं येतं.

आता माझा स्कॅन. किडनी कमजोर असेल, डाय चालत नसेल, किंवा गुठळी जुनी असल्याची शंका असेल, तर व्ही-क्यू स्कॅन करतात, म्हणजे फुफ्फुसातली हवा आणि रक्त यांची वेगवेगळी चित्रं काढतात. जुन्या गुठळ्या सीटीतून कधी कधी निसटतात, इथे त्या पकडल्या जातात. उपाशी यायची गरज नाही. त्याच दिवसाचा किंवा आदल्या दिवसाचा छातीचा एक्सरे मात्र हवाच. गरोदर असाल किंवा बाळ अंगावर पीत असेल तर फोनवरच सांगा. बाळाला साधारण बारा तास ते दूध देत नाहीत, तेव्हा आधी काढून ठेवता येतं.

या स्कॅनला टेक्नेशियम हे किरणोत्सर्गी द्रव्य लागतं. आमच्याकडे ते जनरेटरमधून रोज सकाळी ताजं काढायचे. शिशाच्या आवरणातल्या त्या डब्याला जगभर 'गाय' म्हणतात आणि काढण्याला 'दोहणं'. टेक्नेशियमचा जोर दर सहा तासांनी अर्धा होतो, म्हणून वेळ चुकवू नका. तुम्ही उशिरा आलात की डोस शिळा होतो.

आधी हवेचा भाग. नाकाला चिमटा, तोंडात नळी, त्यातून टेक्नेशियमचे बारीक तुषार. चार-पाच मिनिटं शांतपणे श्वास घ्यायचा. माणसं घाबरून भराभर श्वास घेतात आणि तुषार घशातच चिकटतात. मी खांद्यावर हात ठेवून 'दादा, देवळातली घंटा मोजल्यासारखा हळू घ्या' म्हणायचे. नंतर रक्ताचा भाग. अल्ब्युमिन या प्रथिनाचे, टेक्नेशियम लावलेले बारीक कण शिरेतून देतात. आकार 10 ते 90 मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग), आणि फुफ्फुसातल्या सर्वांत बारीक केशवाहिन्या त्याहून अरुंद, त्यामुळे कण तिथेच अडकतात. हे ऐकून नातेवाईक दचकतात. कण दोन ते सात लाख असतात आणि केशवाहिन्या इतक्या अफाट की हजारात एकही अडत नाही. काही तासांत कण विरघळून जातात. पण फुफ्फुसातला दाब आधीच वाढलेला असेल तर आम्ही कण कमी करतो. म्हणून इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, झाला असेल तर तो रिपोर्ट फाइलच्या तळाशी ठेवू नका, तंत्रज्ञाच्या हातात द्या.

सुई देताना आडवंच झोपायचं. बसून दिली तर रक्त खाली ओढलं जातं आणि वरचा भाग उगाच रिकामा दिसतो. मी सिरिंज देण्याआधी दोन-तीनदा उलटीपालटी करायचे, कारण कण तळाला बसतात. रक्त सिरिंजमध्ये मागे ओढायचं नाही, नाहीतर तिथेच गाठ होऊन चित्रात भगभगीत ठिपका उठतो. कॅमेरा स्वतः किरण सोडत नाही, तुमच्यातून येणारे टिपतो. फक्त हात डोक्यावर घेऊन स्वस्थ पडायचं. खांदा दुखत असेल तर उशी मागा.

वहिनींची चित्रं मीच काढली. हवेच्या चित्रात दोन्ही फुफ्फुसं काठोकाठ भरलेली. रक्ताच्या चित्रात उजवीकडे खाली पाचर मारल्यासारखी कोरी जागा, डावीकडे दोन. हवा आहे, रक्त नाही. हाच तो मिसमॅच. न्यूमोनिया किंवा दम्यात उलट दोन्ही चित्रांत एकाच जागी खोट दिसते, कारण हवा नसलेल्या भागातून फुफ्फुस स्वतःच रक्त वळवून घेतं. रक्ताचं चित्र पूर्ण भरलेलं असेल तर गुठळीचा विषय मिटला. रिपोर्टमधलं 'हाय प्रोबॅबिलिटी' म्हणजे गुठळीची दाट शक्यता. मधल्या शब्दांवर, म्हणजे 'इंटरमीजिएट' किंवा 'नॉन-डायग्नोस्टिक'वर, रिपोर्ट हातात धरून स्वतः अर्थ लावू नका. ते डॉक्टरांच्या तपासणीशी जोडूनच वाचायचे, हे या स्कॅनवरच्या 1990 च्या 'पायोपेड' नावाच्या अभ्यासाने पक्कं केलं.

रक्त पातळ करणारं औषध सुरू झालं की साधारण तीन महिने घेतातच, अनेकांना पुढेही लागतं. मनाने बंद करू नका. आणि तीन महिन्यांनंतरही जिना चढवत नसेल तर 'गुठळी बरी झाली' यावर थांबू नका. थोड्या लोकांत ती विरघळत नाही, भिंतीला चिकटून कडक होते आणि फुफ्फुसातला दाब वाढवते. मग इको. त्यात उजव्या बाजूच्या झडपेतून मागे फिरणाऱ्या रक्ताचा वेग सेकंदाला 2.8 मीटरहून जास्त आला तर शंका घेतात. पण इको दाब अंदाजाने सांगतो, मोजत नाही. मोजायचा तर कॅथेटर आत घालून. फुफ्फुसातला सरासरी दाब 20 च्या (पाऱ्याचे मिलिमीटर) वर गेला की तो जास्त धरतात. पूर्वी ही रेषा 25 वर होती, म्हणून जुने रिपोर्ट आजच्या मापाने पुन्हा वाचून घ्या.

कॅथेटर म्हटलं की वहिनींचा चेहरा उतरला. मी त्यांना वेर्नर फोर्समानची गोष्ट सांगितली. 1929 मध्ये या तरुण डॉक्टरने स्वतःच्या दंडाच्या शिरेतून नळी हृदयापर्यंत सरकवली आणि तशीच घेऊन एक्सरेच्या खोलीत चालत गेला. 1956 मध्ये त्याला नोबेल मिळालं. त्या म्हणाल्या, 'तो वेडा होता, मी नाही.' पण गेल्या. मानेत भूल दिली, जागीच होत्या, आत टोचल्यासारखंही वाटलं नाही म्हणाल्या. सरासरी दाब 44.

गुठळी खरवडून काढण्याची शस्त्रक्रिया देशात मोजक्याच ठिकाणी होते. तिथे जाताना व्ही-क्यू आणि सीटीची चित्रं सीडीवर नेली पाहिजेत, नुसता टाइप केलेला कागद पुरत नाही. सर्जनला वाहिनीची कुठली फांदी बंद आहे ते स्वतः बघायचं असतं. आम्ही दोन प्रती नेल्या होत्या. शस्त्रक्रियेनंतर सहा महिन्यांनी वहिनींचा दुसरा स्कॅन माझ्याच टेबलावर झाला. जुनं आणि नवं चित्र मी पडद्यावर शेजारी लावलं. उजवीकडची खालची कोरी जागा भरली होती, डावीकडची एक अजून फिकट होती. वहिनींनी विचारलं, 'म्हणजे जिना चढू ना?' मी म्हटलं, सातव्या पायरीवर थांबून बघा, थांबावंसं वाटतं का ते मला सांगा.