स्वतःविषयी बोलणारे वाक्य कसे सोडवावे
सदाशिव पेठेतील एखाद्या भिंतीवर ‘या भिंतीवर काहीही लिहू नये’ असे ठळक रंगवलेले दिसले, तर ते वाक्य कशाकशाला लागू होते, हे प्रथम वहीत लिहून घ्यावे; ते स्वतःलाही लागू केले, तरच पेच उभा राहतो. प्राचीन संस्कृत व्याकरणकार भर्तृहरीने ‘वाक्यपदीय’ या ग्रंथात ‘मी सर्व खोटे बोलतो’ या वाक्याबाबत हाच मार्ग दाखवला आहे: बोलणाऱ्याच्या विवक्षेत, म्हणजे त्याला जे सांगायचे आहे त्यात, ते वाक्य स्वतः येत नाही. मला हा उपाय सर्वांत स्वाभाविक वाटतो. मात्र ‘हे वाक्य खोटे आहे’ येथे तो चालत नाही, कारण बोलायला दुसरा विषयच उरत नाही. तेव्हा तर्कशास्त्रज्ञ आल्फ्रेड टार्स्की यांनी १९३३ साली मांडल्याप्रमाणे भाषेच्या पातळ्या पाडाव्यात आणि खालच्या पातळीवरील वाक्याचे खरेखोटेपण वरच्या पातळीवरील भाषेतच सांगावे.