आरव्हीसाठी प्रोपेन रेग्युलेटर: निवड, जोडणी आणि तपासणी

अमेरिकेत आरव्हीमधली (राहण्याची सोय असलेल्या गाडीतली) शेगडी, फ्रिज, गीझर आणि फर्नेस (गाडी गरम ठेवणारी भट्टी) ११ इंच वॉटर कॉलम (पाण्याच्या स्तंभाच्या उंचीत मोजलेला दाब), म्हणजे जेमतेम ०.४ पीएसआय (पाउंड प्रति चौरस इंच) दाबावर चालतात. सिलिंडरमधला दाब मात्र २१ अंश सेल्सिअसला सुमारे ११० पीएसआय असतो, ३८ अंशांना १७० च्या आसपास जातो आणि थंडीत बराच उतरतो. हा चढउतार ज्योतीपर्यंत पोचू नये म्हणून आरव्हीला दोन टप्प्यांचाच रेग्युलेटर लागतो: पहिला टप्पा दाब १०-१५ पीएसआयवर आणतो, दुसरा ११ इंचांवर. बार्बेक्यूचा, त्यातही टर्की तळायच्या बर्नरचा हाय-प्रेशर रेग्युलेटर इथे चालत नाही. भारतातून आणलेलाही नाही. त्याचा दाब जवळपास जुळतो, पण जोडणी वेगळी असते.

आधी बेरीज करा. प्रत्येक उपकरणाच्या पट्टीवर ताशी बीटीयू (उष्णतेचं एकक) लिहिलेले असतात. फर्नेस ३०,०००, गीझर १२,०००, तीन बर्नरची शेगडी २२,०००, फ्रिज १,५०० असेल तर एकूण ६५,५०० होतात. रेग्युलेटरची क्षमता याहून जास्तच हवी. दोन सिलिंडर असतील तर ऑटो-चेंजओव्हर घ्या. एक संपला की गॅस आपोआप दुसऱ्यातून येतो. मात्र सिलिंडर संपल्याचं दाखवणारी त्याच्यावरची खूण अधूनमधून बघत राहा, नाहीतर दुसराही रिकामा झाल्यावरच कळेल.

बसवताना सिलिंडर बंद करा, पेटत्या ज्योती विझवा. सिलिंडरच्या जुन्या, पीओएल नावाच्या जोडणीचे आटे उलटे असतात, ती पान्याने आवळावी लागते. नवी प्लास्टिक नटाची जोडणी सरळ आट्यांची आहे. ती हातानेच घट्ट करा, पाना लावू नका. रेग्युलेटरचं श्वासछिद्र (हवा आत-बाहेर जाण्याचं भोक) खाली तोंड करून ठेवा. त्यात पाणी, बर्फ किंवा कोळ्याचं जाळं अडकलं तर दाब बिघडतो. जोडांना साबणाचा फेस लावा. अमोनिया किंवा क्लोरीन असलेला क्लीनर नको, पितळ खराब होतं. बुडबुडे आले तर सिलिंडर बंद करून जोड पुन्हा बसवा.

ज्योत मिणमिणली की अनेकजण रेग्युलेटरलाच दोष देतात. बहुतेकदा कारण वेगळं असतं: सिलिंडर झटकन उघडला की नटातला फ्लो लिमिटर त्याला गळती समजतो आणि गॅस अगदी बारीक सोडतो. सगळी उपकरणं बंद करा, सिलिंडर बंद करा, नट सोडवून पुन्हा लावा, काही मिनिटं थांबा आणि व्हॉल्व्ह अगदी हळू उघडा. तरीही तसंच राहिलं तर मॅनोमीटर (दाब मोजायचं साधन) लावा. काही उपकरणं चालू असताना सुमारे ११ इंच दिसायला हवेत आणि सगळं बंद केल्यावर दाब १४ च्या वर जाऊ नये. वर चढतच राहिला तर स्क्रू फिरवून जमवत बसू नका. आतलं सील धरत नाही, रेग्युलेटरच बदला.