पट्टी छापणाऱ्या जुन्या प्रोग्रॅमच्या डीएलएल नव्या पीसीवर कशा न्याव्यात

वाशीच्या कांदा-बटाटा मार्केटमधल्या एका गाळ्यावरचा एक म्हातारा प्रोग्रॅम मी बरीच वर्षं जगवतेय. व्हीबी ६ (व्हिज्युअल बेसिक ही जुनी प्रोग्रॅमिंगची भाषा) मध्ये लिहिलेला, पट्ट्या, म्हणजे शेतकऱ्याला द्यायचे विक्रीचे हिशेब, क्रिस्टल रिपोर्ट्स ८.५ या रिपोर्ट छापणाऱ्या सॉफ्टवेअरमधून काढणारा. वजन, भाव, त्यातून हमाली, तोलाई, गाडीभाडं वजा आणि खाली शेतकऱ्याच्या हातात पडणारा आकडा. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला, तेव्हा शेठनी विंडोज ११ चा पीसी आणला, कुणीतरी प्रोग्रॅमचं फोल्डर उचलून त्यात टाकलं आणि दुसऱ्या दिवशी पहाटे गाळ्याचे हिशेब ठेवणाऱ्या मेहताजींचा फोन आला: "ताई, माल चढतोय, पण पट्टी निघेना. जुन्नरचे दोघं समोर बसलेत."

असं होतं कारण रिपोर्ट छापणारं इंजिन, म्हणजे त्याच्या डीएलएल (प्रोग्रॅम गरजेला हाक मारतो त्या मदतनीस फायली), प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये नसतंच. ते विंडोजच्या पोटात, सगळ्यांच्या सामायिक जागेत ठेवलेलं असतं. म्हणून जुना पीसी भंगारात द्यायच्या आधी तीन गोष्टी पेन ड्राइव्हवर घ्या: सी ड्राइव्हवरच्या विंडोजमधलं 'क्रिस्टल' हे अख्खं फोल्डर, सिस्टिम३२ मधली (जुना पीसी ६४ बिटचा असेल तर सिसवॉव६४ मधली) सीआरपीई३२.डीएलएल, आणि सर्च करून जिथे सापडेल तिथून सीआरएएक्सडीआरटी.डीएलएल. मूळ सीडी हाताशी असेल तर नव्या पीसीवर आधी तीच चालवून बघा, निम्मं काम वाचतं. इंटरनेटवर फुकट डीएलएल वाटणाऱ्या साइट्सच्या वाटेला जाऊ नका. तिथली फाइल कोणत्या आवृत्तीची आणि सोबत काय घेऊन येईल, देव जाणे. सगळ्या फायली एकाच आवृत्तीच्या हव्यात. व्हीबी ६ च्या सीडीवर क्रिस्टल ४.६ मिळायचं, त्याची सीआरपीई३२ नावाला तीच असते पण ८.५ च्या बाकी फायलींशी तिचं जमत नाही. राइट क्लिक, प्रॉपर्टीज, तिथे आवृत्ती दिसते.

नावं विचित्र आहेत, पण वाचता येतात. पी२ ने सुरू होणारी फाइल डेटाबेसशी बोलते. यू२डी म्हणजे रिपोर्ट कुठे पाठवायचा, डिस्कवर की मेलने. यू२एफ म्हणजे कोणत्या रूपात, एक्सेल की वर्ड. यू२एल म्हणजे फॉर्म्युल्यांची जादा फंक्शनं. सीआरपीई३२ हे छापणारं इंजिन, मुकादमच म्हणा. काही प्रोग्रॅम त्याला थेट हाक मारतात, आमच्यासारखे काही सीआरएएक्सडीआरटीला. हे एकदा डोक्यात बसलं की एरर वाचून कोण गैरहजर आहे ते कळतं. पट्टी पडद्यावर दिसते पण एक्सेलमध्ये काढताना 'मिसिंग ऑर आउट-ऑफ-डेट एक्स्पोर्ट डीएलएल' येतं? मग यू२एफएक्सएलएस किंवा यू२डीडिस्क बघा, मुकादमाला हात लावू नका.

आता ठेवायचं कुठे? बहुतेक जण इथेच आपटतात. विंडोज ११ फक्त ६४ बिटमध्ये येतं आणि आपल्या फायली ३२ बिटच्या. त्यांचं घर सिस्टिम३२ नाही, सिसवॉव६४. नावं उलटी आहेत हे खरं. ज्याने ठेवली त्याला कांद्याच्या पोत्यावर बसवून जाब विचारावासा वाटतो. घोटाळा असा होतो: तुम्ही एक्सप्लोररमधून सिस्टिम३२ मध्ये फाइल पेस्ट करता, एक्सप्लोरर ६४ बिटचा, म्हणून ती खरंच तिथे जाते. प्रोग्रॅम मात्र ३२ बिटचा. तो सिस्टिम३२ मागतो आणि विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ मध्ये वळवतं. फाइल तुमच्या डोळ्यांसमोर, आणि प्रोग्रॅम म्हणतो नाही सापडली. म्हणून सीआरपीई३२ सिसवॉव६४ मध्ये. 'क्रिस्टल' फोल्डर पूर्वीसारखंच विंडोजच्या आत.

ओडीबीसीचंही, म्हणजे प्रोग्रॅम आणि डेटाबेस जोडणाऱ्या विंडोजच्या सोयीचंही, तेच. कंट्रोल पॅनेलमध्ये ३२ आणि ६४ असे दोन दिसतील. डीएसएन (त्या जोडणीची नाव दिलेली नोंद) ३२ वाल्यात बनवा, नाव जुन्यासारखंच, अक्षरही न बदलता.

मग रजिस्ट्रेशन, म्हणजे फाइल कुठे आहे ते विंडोजच्या नोंदवहीत, रजिस्ट्रीत, लिहिणं. कमांड प्रॉम्प्ट 'रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' करून उघडा, सिसवॉव६४ मध्ये जा, तिथलाच रेगएसव्हीआर३२ सीआरएएक्सडीआरटीच्या पूर्ण पत्त्यासह चालवा. 'सक्सीडेड' आलं तर झालं. 'मॉड्यूल फेल्ड टु लोड' आलं तर बहुधा तिला लागणारी दुसरी एखादी फाइल गायब आहे. आणि 'डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही' आलं तर घाबरू नका. ती फाइल रजिस्टर करायची नसतेच, पी२एसओडीबीसीसारखी नुसती जागेवर असली की पुरते. फोल्डरमधल्या सगळ्या फायली एका बॅच फाइलने रजिस्टर करणारे महाभाग मी पाहिलेत. त्याने काही सुधारत नाही, एररच्या खिडक्या बंद करून बोटं दुखतात.

एवढं करूनही अडलं तर मायक्रोसॉफ्टचं प्रोसेस मॉनिटर उतरवून घ्या, प्रोग्रॅम कोणती फाइल कुठे शोधतोय ते ते दाखवतं. फिल्टरमध्ये प्रोग्रॅमचं नाव, आणि पाथच्या शेवटी डीएलएल. 'छापा' दाबा, लगेच रेकॉर्डिंग थांबवा. 'नेम नॉट फाउंड'च्या ढीगभर ओळी येतील. त्यातल्या बहुतेक निरुपद्रवी, कारण विंडोज आधी प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये शोधतं, मग सिस्टिममध्ये, मग पुढे. एका घरात नाही म्हणजे पुढच्यात असेल. जे नाव शेवटपर्यंत एकदाही 'सक्सेस' होत नाही, त्याच्यावर बोट ठेवा. आमच्याकडे ते पी२एसओडीबीसी निघालं. जुन्या पीसीवरून फोल्डर घेताना तेवढी एकच फाइल राहिली होती.

एक चूक माझीच. एकदा गाळ्यावरचं न वापरातलं दुसरं एक सॉफ्टवेअर काढत होते. विंडोजने विचारलं, ही शेअर्ड फाइल आता कोणी वापरत नाही, काढू का? मी चहाचा कप हातात घेऊन 'येस टू ऑल' दाबलं. कोणती फाइल किती प्रोग्रॅम वापरतात याची मोजणी रजिस्ट्रीत असते, पण ती इन्स्टॉलरने केलेली. आपण हाताने कॉपी केलेल्या फायली त्यात धरलेल्याच नसतात. त्या दुपारी पट्ट्या हाताने लिहिल्या गेल्या आणि मेहताजी दोन दिवस माझ्याशी तुटक बोलले. तिथे उत्तर नेहमी 'नो'.

फॉन्ट विसरू नका. क्रिस्टल ८.५ ला युनिकोड (मराठी लिहायची आजची पद्धत) कळत नाही, त्यामुळे आमच्या मराठी पट्ट्या डीव्हीबी नावाच्या जुन्या फॉन्टमध्ये आहेत. तो फॉन्ट नसला तर पट्टी छापली जाते, पण शेतकऱ्याच्या नावाच्या जागी अगम्य चिन्हांची भेळ येते. आणि डिफॉल्ट प्रिंटर लावून ठेवा, तो नसला तरी क्रिस्टल रुसतं.

शेवटी तपासणी स्वतःच्या अ‍ॅडमिन लॉगिनवर करू नका. मेहताजींच्या लॉगिनवरून, त्यांच्याच हाताने एक पट्टी प्रिंटरवर, एक एक्सेलमध्ये, एक मेलवर काढून घ्या. यू२ वाल्या फायली गरज पडेल तेव्हाच उघडल्या जातात, म्हणून प्रिंट आली याचा अर्थ एक्सेलही येईल असा नाही. मी निघाले तेव्हा मेहताजींनी चौथीही काढली, जुन्नरवाल्यांची, आणि खाली सही करून घेतली.